पाय असलेल्या देवमाशांची कवटी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

देवमाशांच्या पूर्वजांविषयी काहीही लिहिलं की त्याच त्याच शंका पुन्हा येतात. त्या इथे एकत्र केल्या आहेत. सोपे प्रश्न वर आहेत, किचकट खाली. एका उत्तराचा दुसऱ्याशी संबंध असेल तिथे नुसता प्रश्नाचा क्रमांक दिला आहे. सगळा भर कवटीवर आहे, कारण देवमाशाची पहिली खूण तिथेच उमटली. पाय त्यानंतर कितीतरी लाख वर्षं टिकून होते.

१. पाय असलेले देवमासे म्हणजे नेमके कोणते प्राणी?

सुमारे ५ कोटी वर्षांपूर्वी, इओसीन काळात, भारतीय उपखंड आशियाला भिडत होता आणि मधला टेथिस समुद्र आक्रसत चालला होता. त्याच्या काठच्या नद्यांत, खाड्यांत आणि उथळ पाण्यात हे प्राणी राहत. सर्वांत आधीचे पाकिसेटिड. त्यात कोल्ह्याएवढा इक्थिओलेस्टिस आणि लांडग्याएवढा पाकिसेटस, दोन्ही उत्तर पाकिस्तानातले. मग ॲम्ब्युलोसेटस: सुमारे ३ मीटर लांब, पाय आखूड, डोकं दांडगं. तोही तिथल्याच काला चित्ता टेकड्यांमधला, १९९४ साली प्रसिद्ध झालेला. त्यानंतर लांब थोबाडाचे रेमिंग्टनोसेटिड, ज्यांचे उत्तम नमुने आपल्या कच्छमध्ये मिळतात. प्रोटोसेटिड हे पहिले दर्यावर्दी. ते आफ्रिकेपर्यंत आणि अमेरिकेपर्यंत पोचले, पेरूमध्येसुद्धा ४ कोटी २६ लाख वर्षांपूर्वीचा चार पायांचा पेरेगोसेटस मिळाला आहे. शेवटी बॅसिलोसॉरिड, जे पूर्णपणे पाण्यातले. त्यांचे मागचे पाय नावापुरते उरले होते.

ही एकापुढे एक लावलेली रांग समजू नका. यातले बरेच गट एकाच वेळी नांदत होते, आणि एक गट थेट दुसऱ्याचा बाप होता असं कोणी म्हणत नाही.

२. लांडग्यासारख्या दिसणाऱ्या पाकिसेटसला देवमासा कशाच्या जोरावर म्हणतात?

सर्वांत जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच, आणि विचारणाऱ्याच्या सुरात बहुतेकदा थोडी चीडही असते. उत्तर कानात आहे.

सस्तन प्राण्याच्या मध्यकर्णाखाली हाडाची एक पोकळ वाटी असते, अक्रोडाच्या अर्ध्या टरफलासारखी. तिला टिंपॅनिक बुला म्हणतात. कुत्रा, गाय, माकड, कोणाचीही पाहिली तरी तिची भिंत सगळीकडून पातळ असते. देवमाशांत मात्र या वाटीची आतली कड, म्हणजे कवटीच्या मध्यरेषेकडची बाजू, विलक्षण जाड आणि दगडासारखी घट्ट झालेली असते. या जाड कडेचं नाव इनव्होल्यूक्रम. आजच्या निळ्या देवमाशात ती आहे, डॉल्फिनमध्ये आहे, आणि पाकिसेटसमध्येही आहे.

१९८१ साली जीवाश्मशास्त्रज्ञ फिलिप गिंगरिच आणि डोनाल्ड रसेल यांनी पाकिस्तानातल्या कोहाट भागातून पाकिसेटस इनाकस ही जाती जाहीर केली, तेव्हा त्यांच्या हातात मुख्यतः कवटीचा मागचा भाग होता. तो नदीकाठच्या तांबड्या गाळाच्या खडकात मिळाला, आणि त्याच थरांत जमिनीवरचे सस्तन प्राणीही होते. म्हणजे जागा जमिनीची आणि कान देवमाशाचा. कान पाहिला नसता तर तो कुठला तरी आदिम मांसभक्षक म्हणून खपून गेला असता. इक्थिओलेस्टिसचं तसंच झालं होतं. १९५८ साली त्याचे दात मिळाले तेव्हा तो मेसोनिकिड नावाच्या मांसभक्षकांत टाकला गेला (प्रश्न ११).

कानाखेरीज दुजोरा देणाऱ्या इतर खुणाही आहेत. पुढचे पटाशीचे दात आडव्या कमानीत नसून दाढांच्याच रेषेत एकामागे एक उभे असतात, आणि डोळ्यांच्या मागचा कवटीचा भाग लांबट व अरुंद असतो. पण वाद झाला की सगळे कानाकडेच वळतात.

३. इनव्होल्यूक्रम इंडोहायसमध्येही आहे म्हणे. मग तो देवमासा का नाही?

वरच्या उत्तरातली ही खरी अडचण आहे.

भारतीय भूवैज्ञानिक ए. रंगा राव यांनी जम्मू-काश्मीरमधल्या कालाकोट भागातून काही दात आणि जबड्याचे तुकडे मिळवले आणि १९७१ साली इंडोहायस हे नाव दिलं. हरणासारखा दिसणारा, जेमतेम मांजराएवढा, खुरांचा प्राणी. रावांनी बरेच खडक गोळा करून ठेवले होते, ते फोडायचे राहून गेले. त्यांच्या निधनानंतर पत्नीने तो साठा जीवाश्मशास्त्रज्ञ हान्स थेविसन यांच्याकडे सोपवला. खडकातून कवटी सोडवताना तंत्रज्ञाच्या हातून कानाची वाटी चुकून निखळली, आणि तिची आतली कड जाड निघाली. २००७ साली थेविसन, सुनील बाजपेयी आणि सहकाऱ्यांनी हे ‘नेचर’मध्ये प्रसिद्ध केलं.

आता दोन वाटा होत्या: इंडोहायसला देवमासा म्हणायचं, किंवा इनव्होल्यूक्रम ही देवमासे आणि त्यांचे जवळचे चुलत यांची सामाईक खूण मानायची. बहुतेकांनी दुसरी वाट धरली. इंडोहायसचा गट, म्हणजे राओएलिड, हा देवमाशांचा सर्वांत जवळचा नातलग ठरला. गटाच्या नावातले राव म्हणजे तेच.

आणखी एक मेख: इंडोहायसचे हे जीवाश्म पाकिसेटसहून जुने नाहीत, थोडे अलीकडचेच आहेत. त्यामुळे ‘इंडोहायसपासून देवमासे झाले’ हे वाक्य चूक आहे. दोघांचा पूर्वज एक होता आणि तो अजून सापडायचा आहे.

४. पाकिसेटसचे डोळे डोक्याच्या माथ्यावर का?

कवटी वरून पाहिली तर दोन्ही खोबण्या मध्यरेषेला जवळजवळ चिकटलेल्या आणि वर तोंड करून दिसतात. मधलं हाड फारच अरुंद आहे. मगर पाण्यात बुडून नुसते डोळे वर ठेवते, तशी ही ठेवण आहे. थोडक्या पाण्यात उभं राहून काठावर किंवा पृष्ठभागावर काय चाललंय ते पाहायला ती सोयीची, असा अर्थ लावला जातो.

पुढे हे चित्र पालटतं. ॲम्ब्युलोसेटसचे डोळे उंचावर आहेत पण बाजूला पाहणारे. प्रोटोसेटिडांत डोळे मोठे होतात, दोन्ही बाजूंना जातात आणि त्यांच्यावर कपाळाच्या हाडाचं रुंद छप्पर येतं. पाण्याच्या आत भक्ष्य हेरणाऱ्याला वर पाहून फारसा उपयोग नाही. रेमिंग्टनोसेटिडांची तऱ्हाच वेगळी, ती प्रश्न ८ मध्ये.

५. या प्राण्यांना पाण्याखाली ऐकू यायचं का?

यायचं, पण सगळ्यांना सारखं नाही. कवटीच्या अभ्यासातली सर्वांत सलग गोष्ट इथे मिळते, म्हणून जरा विस्ताराने सांगतो.

विहिरीत बुडी मारलेली असताना दुसऱ्या कोणी पाण्यात दगडावर दगड आपटला तर आवाज लख्ख येतो, पण कुठून आला ते सांगता येत नाही. हवेत आवाज कानाच्या भोकातून पडद्यावर येतो. पाण्यात तो सगळ्या कवटीतून एकदमच शिरतो, कारण मांस आणि पाणी आवाजाला जवळपास सारखंच. दोन्ही कान एकाच वेळी थरथरतात आणि दिशा हरवते.

आजच्या दातांच्या देवमाशांनी यावर असा तोडगा काढला आहे: आवाज खालच्या जबड्यातून आत येतो, जबड्याच्या मागच्या भोकात भरलेल्या चरबीतून पुढे सरकतो आणि कानाच्या वाटीच्या पातळ बाहेरच्या भिंतीवर पोचतो. कानाचं हाड कवटीपासून हवेच्या पोकळ्यांनी अलग केलेलं असतं, त्यामुळे डावा आणि उजवा कान स्वतंत्रपणे ऐकतात.

सिर्पा नुम्मेला, थेविसन, बाजपेयी आणि सहकाऱ्यांनी २००४ साली हे टप्पे जीवाश्मांत दाखवून दिले. पाकिसेटिडांच्या खालच्या जबड्यातलं भोक जमिनीवरच्या प्राण्यांसारखं बारीक आहे, कानाचं हाड कवटीला घट्ट आहे आणि बाहेरच्या कानाची नळीही शाबूत आहे. हवेत त्यांना ठीक ऐकू येत असणार, पाण्यात मात्र हाडांतून येईल तेवढंच. जड झालेली कड त्या हाडांतल्या ऐकण्याला मदत करत असावी. ॲम्ब्युलोसेटसमध्ये जबड्याचं भोक मोठं होतं. रेमिंग्टनोसेटिड आणि प्रोटोसेटिडांत ते जवळजवळ जबड्याच्या उंचीएवढं होतं, म्हणजे चरबीची गादी आली. पण कान कवटीपासून पुरता सुटलेला नाही आणि हवेतलं ऐकणंही सोडलेलं नाही, दोन्हीकडे थोडी थोडी तडजोड. बॅसिलोसॉरिडांत हवेच्या पोकळ्या पसरतात आणि यंत्रणा आजच्यासारखी होते.

जबड्याचा मागचा तुकडा एवढाच जीवाश्म हाती आला तरी जाणकार आधी त्याची आतली बाजू उलटून भोक पाहतात, ते यासाठी.

६. नाकपुडी डोक्यावर कधी सरकली?

फार उशिरा, आणि लोक समजतात त्याहून कितीतरी सावकाश. पाकिसेटस आणि ॲम्ब्युलोसेटसचं नाक थोबाडाच्या टोकाशीच, कुत्र्यासारखं. प्रोटोसेटिडांत ते सुळ्यांच्या आसपास मागे येतं. बॅसिलोसॉरिड पूर्णपणे पाण्यात राहत, तरी त्यांचंही नाक थोबाडाच्या पुढच्या अर्ध्या भागातच होतं. डोळ्यांच्या वर, कपाळावर उघडणारं नाक त्यानंतरच्या, आजच्या देवमाशांच्या गटांत आलं.

त्यासाठी कवटीची हाडं एकमेकांवर चढावी लागली. दातांच्या देवमाशांत वरच्या जबड्याचं हाड मागे सरकत कपाळावर पसरलं. बॅलीनवाल्यांत, म्हणजे दातांऐवजी तोंडात गाळणीसारखे पट्टे असलेल्या देवमाशांत, डोक्याचं मागचं हाड पुढे रेटलं गेलं. पाय असलेल्या कुठल्याही देवमाशात यातलं काहीही नाही. तेव्हा पाकिसेटसच्या कपाळातून फवारा उडवणारं चित्र दिसलं तर चित्रकाराला माफ करा आणि पुढे जा.

७. त्यांना वास यायचा का?

हो, आणि याचा चांगला पुरावा एका फरशीवाल्याच्या करवतीखाली मिळाला. इजिप्तच्या वाळवंटातल्या खाणीतून चुनखडकाचे ठोकळे सजावटीच्या फरश्यांसाठी इटलीला जात. एक ठोकळा चिरल्यावर कापाकापांतून कवटी दिसू लागली. जिओव्हान्नी बियानुच्ची आणि गिंगरिच यांनी २०११ साली त्याचं नाव ठेवलं एजिप्टोसेटस टार्फा. एरवी कवटी उभी चिरणं हा गुन्हाच वाटावा, पण या कापांमुळे नाकाच्या आतल्या कागदासारख्या पातळ पडद्या दिसल्या, ज्यांच्यावर वास घेणारी त्वचा पसरलेली असते. त्या चांगल्या शाबूत होत्या. हा प्रोटोसेटिड समुद्रात शिकार करत होता आणि तरीही हवेतला वास घेत होता. (त्याच्या बरगड्यांवर शार्कच्या दातांचे व्रणही आहेत.)

कच्छच्या रेमिंग्टनोसेटसच्या कवटीतही मेंदूकडून नाकाकडे जाणारी लांबच लांब नळी आहे, म्हणजे वासाचा मज्जातंतू होता. आज डॉल्फिनांनी वास पुरता गमावला आहे, बॅलीन देवमाशांनी थोडा राखून ठेवला आहे.

८. कच्छच्या देवमाशांचे डोळे एवढे बारीक आणि थोबाड एवढं लांब कसं?

रेमिंग्टनोसेटस, अँड्र्यूसिफियस आणि कुचिसेटस हे हारुदी गावाच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या थरांतले, सुमारे ४ कोटी २० लाख वर्षांपूर्वीचे. रेमिंग्टनोसेटसची पहिली ओळख १९७५ साली अशोक साहनी आणि व्ही. पी. मिश्रा यांनी करून दिली, तेव्हा तो प्रोटोसेटस म्हणून नोंदला गेला. १९८६ साली किशोर कुमार आणि साहनी यांनी त्याला वेगळं नाव दिलं.

थोबाड निमुळतं आणि लांब, खालच्या जबड्याच्या दोन्ही फांद्या बराच अंतर एकमेकींना जोडलेल्या, डोळे लहान, कानाच्या वाट्या मात्र मोठ्या आणि एकमेकींपासून दूर. गढूळ खाडीत डोळ्यांपेक्षा कानांवर भिस्त ठेवून झटकन मासा पकडणारा प्राणी, असा याचा सरळ अर्थ. मला स्वतःला या सगळ्या मंडळींत हा गट सर्वांत विचित्र वाटतो. देवमाशांच्या वाटेवरची ही एक फांदी होती आणि तिचा वंश पुढे चालला नाही.

९. ते मासेच खायचे हे दातांवरून कळतं का?

थेट नाही, पण बरंच कळतं. पटाशीचे, सुळे, उपदाढा, दाढा असे चारही प्रकार त्यांच्यात आहेत: जबड्याच्या प्रत्येक बाजूला ३, १, ४ आणि ३. आजच्या डॉल्फिनसारखी एकसारख्या दातांची ओळ नाही. दाढांवरचा चिरडायचा सपाट भाग आकसत जातो, आणि वरचे-खालचे दात एकमेकांना घासून उभट झिजलेले दिसतात, म्हणजे चर्वण कमी आणि कापणं जास्त. डोक्यावरचा हाडाचा उंच कणा आणि कानशिलाची प्रशस्त जागा जबड्याचे स्नायू दणकट असल्याचं सांगते. बॅसिलोसॉरिडांत वरची शेवटची दाढ गळून जाते.

दातांच्या एनॅमलमधल्या ऑक्सिजनच्या समस्थानिकांवरून (वेगवेगळ्या वजनाच्या अणूंच्या प्रमाणावरून) पाकिसेटस गोडं पाणी पीत होता असं दिसतं. ॲम्ब्युलोसेटसचे जीवाश्म खाडी-किनाऱ्याच्या थरांत मिळाले, तरी त्याचाही कल गोड्या पाण्याकडेच निघाला.

१०. कवटी वाकडी असते असं वाचलं. हा प्रतिध्वनीने शिकार करण्याचा पुरावा का?

नाही. इथे दोन वाकडेपण एकत्र मिसळले जातात. आजच्या दातांच्या देवमाशांत नाकाभोवतीची हाडं डावी-उजवी सारखी नसतात, आणि त्याचा संबंध उच्च स्वराचे आवाज काढण्याशी आहे. जुन्या देवमाशांच्या वाकड्या कवट्या मात्र गाळाखाली दबून तशा झाल्या असं मानलं जाई. २०११ साली युलिया फाल्के आणि सहकाऱ्यांनी प्रोटोसेटिड आणि बॅसिलोसॉरिडांच्या कवट्या तपासल्या तेव्हा सगळ्यांत पीळ एकाच बाजूला निघाला. दाबाने झालं असतं तर तो कसाही निघाला असता. त्यांनी त्याचा संबंध पाण्यात आवाजाची दिशा ओळखण्याशी लावला. पुढे २०२० साली त्रिमितीय मोजमापांवरून आलेल्या अभ्यासात जुन्या देवमाशांचं वाकडेपण थोडंसं आणि मुख्यतः थोबाडापुरतं दिसलं. नाकाजवळचं खरं वाकडेपण दातांच्या देवमाशांतच नंतर आलं.

प्रतिध्वनीचे भक्कम पुरावे कोटिलोकारा आणि एकोव्हेनेटर यांच्यासारख्या सुमारे २.८ कोटी वर्षांपूर्वीच्या कवट्यांत मिळतात.

११. आमच्या जुन्या पुस्तकात देवमासे मेसोनिकिडांपासून आले असं आहे. ते चूक का?

त्या काळच्या पुराव्यावर ते बरोबर होतं. १९६६ साली ली व्हॅन व्हॅलेन यांनी दातांच्या साम्यावरून ते मांडलं, आणि त्रिकोणी दातांचं साम्य खरंच डोळ्यांत भरणारं आहे. पण रेणवीय अभ्यास, म्हणजे डीएनएसारख्या रेणूंची तुलना, देवमाशांना पाणघोड्याजवळ नेत होते. २००१ साली एकाच आठवड्यात ‘नेचर’ आणि ‘सायन्स’मध्ये पाकिसेटिड आणि प्रोटोसेटिडांची घोट्याची हाडं आली. ती दोन्ही टोकांना कप्पीसारखी, म्हणजे गाय-हरणांसारख्या समखुरी प्राण्यांची होती. निकाल कवटीने दिला नाही, घोट्याने दिला. दातांचं साम्य मांस कापण्याच्या सवयीतून स्वतंत्रपणे आलं.

१२. पाकिसेटसची चित्रं इतकी वेगवेगळी का?

१९८१ ते २००१ या काळात कवटी होती, धड नव्हतं. म्हणून १९८३ साली तो सीलसारखा पोहताना रंगवला गेला. काला चित्तामधून सांगाडे आल्यावर लांब पायांचा, चालणारा प्राणी समोर आला. कवटी मात्र दोन्ही चित्रांत साधारण तीच आहे. चित्र तपासायचं तर माथ्यावरचे जवळजवळचे डोळे आधी पाहा (प्रश्न ४).

१३. सर्वांत जुना देवमासा हिमाचलचा आहे का?

हिमालयासेटस सुबाथुएन्सिस, १९९८ साली बाजपेयी आणि गिंगरिच यांनी शिमल्याजवळच्या सुबाथू थरांतून मांडलेला. एक जबडा, त्यात दोन दाढा. जबड्यातली नळी पाकिसेटससारखी बारीक. वय ५ कोटी ३५ लाख वर्षं सांगितलं गेलं, ते सोबतच्या समुद्री जीवाश्मांवरून. पण ते जीवाश्म जुन्या थरातून वाहून आले असतील, असा आक्षेप आहे, आणि तसं असेल तर जबडा पाकिसेटसच्या आसपासचाच ठरतो. कानाचं हाड मिळालेलं नाही, त्यामुळे प्रश्न २ मधली कसोटी इथे लावता येत नाही. ‘सर्वांत जुना’ हे बिरुद मी तरी त्याला देणार नाही.

१४. महाराष्ट्रात असं काही सापडेल का?

जमिनीवर शक्यता जवळपास शून्य. आपला बहुतेक पाया दख्खनच्या काळ्या पाषाणाचा, ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा. पाकिसेटसच्या काळातले समुद्री थर महाराष्ट्रात उघडे पडलेले नाहीत. कच्छमध्येही लाव्हा आहे, पण त्याच्यावर इओसीन काळातला समुद्र चढला आणि गाळ साचवून गेला. मुंबईसमोरच्या समुद्राच्या तळाखाली त्या काळाचा चुनखडक आहे, वसईच्या नावाने तेलवाल्यांना परिचित असलेला. तो हाती येतो तो विहिरी खोदताना निघणाऱ्या बारीक कांड्यांतून. त्यात न्युम्युलाइटसारखे सूक्ष्मजीव सापडतात, कवटी सापडायची नाही.

१५. कोकणात किनाऱ्यावर देवमाशाचं हाड मिळालं. कानाचं आहे का, ठेवून घेऊ का?

ठेवू नका. देवमासे आणि डॉल्फिन वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहेत. त्यांचे अवयव जवळ बाळगणं गुन्हा ठरतं, मग हाड समुद्रानेच बाहेर टाकलेलं का असेना. फोटो काढा, जागा नोंदवा, वनविभागाला कळवा. ओळख हवी असेल तर फोटोवरूनही होते: हाताच्या मुठीत मावणारं, वजनाला आकाराच्या मानाने फार जड, एका कडेला गुळगुळीत फुगीर आणि दुसऱ्या कडेला पातळ, दुमडलेलं हाड असेल तर तो बहुधा कानच.